पहिला, तिसरा आणि पाचवा शुक्रवार

विसर्जन होऊन दोन दिवस झाले तरी कट्ट्यावर कुणाचा आवाज धड लागत नव्हता. दिग्या तर नुसता फिस्कारत होता. त्याला वाटतं आरतीत त्याच्याशिवाय कुणाला सूर सापडत नाही. पश्याकडच्या दहा दिवसांच्या गणपतीत त्यानं रोज हजेरी लावून, गुडघे दुखत असताना साष्टांग नमस्कार घालून, मोदकांचा सरासरी दर ताशी चार असा ठेवला होता.

तेवढ्यात अव्या स्कूटर लावून तणतणत आला.

"पाचशे डॉलर! महिन्याला पाचशे! त्या भिकार ट्रेडमिलपायी!"

अव्याचा भाचा आणि त्याची बायको डॅलसकडे वेगळे होतायत हे गेल्या दिवाळीपासून कट्ट्याला पाठ आहे, ते परत उगाळत नाही. ट्रेडमिलचंही सगळ्यांना माहीत होतं. घटस्फोटाचे कागद जुलैतच तयार होते. पण भाचेबुवा ट्रेडमिल कुणाची यावर अडून बसले आणि सही सप्टेंबरात गेली. २०२५ च्या एक सप्टेंबरला टेक्सासनं मुलांच्या पोटगीची मर्यादा वाढवली. आधी बापाच्या महिन्याच्या निव्वळ उत्पन्नाच्या पहिल्या ९,२०० डॉलरवर टक्केवारी लागायची, आता ११,७०० वर. एका मुलासाठी वीस टक्के. १,८४० चे झाले २,३४०.

दिग्यानं मोबाइल काढला. बँकेतून व्हीआरएस घेतली, पण बोटं अजून कॅल्क्युलेटर शोधतात. "पोरगी आठची. अठरापर्यंत दहा वर्षं. साठ हजार डॉलर. अठ्ठ्याऐंशीनं धर... बावन्न लाख ऐंशी हजार!"

"एवढ्यात कोथरूडात काय येतं रे?" पश्या.

"संडास आणि अर्धी गॅलरी."

"ट्रेडमिल ठेवायला पुरेल," मेधा म्हणाली. "त्याच्यावर धावला होता का कधी तो?"

"टॉवेल वाळत घालायचे," अव्या पडेल आवाजात म्हणाला.

मेधाचं सांगायला हवं. एलएलबी आहे, पण गेली अकरा वर्षं रात्रपाळीला टेक्सासच्या वकिलांचे कागद पुण्यात बसून तयार करते. सव्वासातला तिची कॅब येते, तोवर ती आमची. त्यामुळे अमेरिकेवर दिग्या बोलतो व्हॉट्सॲपवरून आणि ती बोलते कलमावरून. तरी दिग्या दर वेळी भिडतोच. त्याच्या धाडसाचं मला कौतुक आहे.

"आणि दोन मुलं असली तर?" दिग्यानं विचारलं.

"पंचवीस टक्के. तीनला तीस."

"म्हणजे पहिल्याला वीस आणि दुसऱ्याला नुसते पाच? हा काय सेल आहे का, एकावर एक?"

"तू घरात धाकटा ना रे?" मेधानं कटिंगचा ग्लास भिंतीवर ठेवला. "मग तुझ्या आईनं वेगळा हिशेब केला होता असं वाटतंय का तुला?"

दिग्यानं दादाचे कपडे नववीपर्यंत वापरले हे सगळी शाळा जाणते. पुढची दोन मिनिटं त्यातच गेली.

(कट्टा म्हणजे आता काही उरलेलं नाही. पौड रोडच्या एका गल्लीच्या तोंडाशी बंगल्याचं कुंपण होतं, त्यावर आम्ही वीस वर्षं बसलो. रीडेव्हलपमेंटमध्ये बिल्डरनं ट्रान्सफॉर्मरच्या बाजूला तीन फूट भिंत ठेवली. पाच जणांना तीन फूट. मेधा आली की पुरुषांपैकी दोघं उभे.)

अव्याचं खरं दुखणं पैशाचं नव्हतंच. "पैसे घ्या ना, पण पोरगी कधी भेटणार? पहिला, तिसरा आणि पाचवा शुक्रवार! संध्याकाळी सहापासून रविवारी सहापर्यंत. आणि गुरुवारी दोन तास. कायद्यात छापलंय असं."

"अरे हे तर आमच्या दुसऱ्या-चौथ्या शनिवारसारखं," दिग्या खूश झाला. "आणि ज्या महिन्यात पाचवा शुक्रवारच नाही तेव्हा?"

"तेव्हा नाही."

"उन्हाळ्यात तीस दिवस," मेधा मोजायला लागली. "थँक्सगिव्हिंग एक वर्ष याच्याकडे, एक वर्ष तिच्याकडे. ख्रिसमसची सुट्टी अठ्ठावीस डिसेंबरला दुपारी बारा वाजता मधून कापायची. फादर्स डे बापाचा, मदर्स डे आईचा, हे पण लिहिलंय. भांडायला जागाच ठेवलेली नाही."

"आणि दिवाळी?" पश्यानं विचारलं. तो बोलतो कमी, पण नेमकं बोलतो.

"दिवाळी छापील नमुन्यात नसते. दोघांनी मिळून कागदात घालून घ्यावी लागते. अव्या, घातली का?"

अव्यानं भिंतीच्या पोपड्याकडे पाहिलं. ट्रेडमिल घातली होती.

"बरं, तो नवीन घर कुठं घेऊन राहिलाय?"

"साठेक मैलांवर. ऑफिस जवळ पडतं, भाडं चारशेनं कमी."

मेधानं कपाळाला हात लावला. "२०२१ पासून दोघं पन्नास मैलांच्या आत राहत असतील तर बापाला आपोआप जास्त वेळ मिळतो. गुरुवारी शाळा सुटली की थेट घेऊन यायची, शुक्रवारी सकाळी शाळेत सोडायची. शुक्रवारी घेतली तर सोमवारी शाळेत. अरे, तिचा डबा भरायला मिळाला असता त्याला! चारशे डॉलर वाचवून आपोआप मिळणारी गुरुवारची रात्र विकली की रे यानं."

हे कुणी त्याला सांगितलं नव्हतं का? वकिलानं सांगितलं असणार. पण भांडणातल्या माणसाला ट्रेडमिल दिसते, मैल दिसत नाहीत.

इथं दिग्यानं त्याचा हुकमी एक्का काढला. तो एका पुरुष हक्काच्या ग्रुपवर आहे. स्वतःचा संसार अठ्ठावीस वर्षं सुरळीत चाललाय, बायको भाजीच्या पिशवीसकट त्याला उचलून आणते, तरी हा रोज सकाळी पीडित असतो. "बघा! इथं काय नि तिथं काय, सगळे कायदे बायकांचे. बाप म्हणजे नुसतं एटीएम."

"एटीएमनंसुद्धा महिन्यातून एकदा पैसे दिले पाहिजेत," मेधा म्हणाली. "आणि बायकांचे कायदे? १९५६ चा पालकत्वाचा कायदा काढ. हिंदू मुलाचा नैसर्गिक पालक कोण? बाप, 'आणि त्याच्यानंतर' आई. पाचच्या आतलं मूल राहायला साधारण आईकडे, पण सहीला बाप. लेखिका गीता हरिहरन मुलाच्या नावानं रोखे घ्यायला गेल्या, तर रिझर्व्ह बँक म्हणाली वडलांची सही आणा. १९९९ मध्ये सुप्रीम कोर्टाला सांगावं लागलं की 'नंतर' म्हणजे तो मेल्यानंतरच असं नाही. तुझीच बिरादरी ती, दिग्या."

"मी रिझर्व्ह बँकेत नव्हतो. मी सहकारीत होतो."

"ती कुठंय आता?"

"विलीन झाली."

"बघ. तिचापण ताबा गेला."

अव्या मात्र सोडेना. "मेधा, पण तिचा पगार याच्यापेक्षा जास्त आहे. तो कुणी बघितलाच नाही."

"हं. ते मला पण पटत नाही," ती चटकन म्हणाली. "टेक्सासचं सूत्र देणाऱ्याचाच पगार बघतं. न्यू जर्सीत, कॅलिफोर्नियात दोघांचा धरतात. तिकडे प्रत्येक राज्याची चूल वेगळी. याला टेक्सास मिळालं."

"त्यापेक्षा आपलं बरं," दिग्या. "जज माणसाकडे बघून ठरवतो. टक्केवारी काय, जीएसटी आहे का?"

यावर मेधा पटकन काही बोलली नाही. आम्हाला कळलं की दिग्या घसरला. त्याला कळलं नाही.

"नागपूरची केस आहे," ती म्हणाली. "रजनेश आणि नेहा. फॅमिली कोर्टानं २०१३ मध्ये बायकोला पंधरा हजार आणि पोराला पाच हजार ठरवले, पुढं पोराचे दहा. नवरा सुप्रीम कोर्टापर्यंत लढला. २०२० च्या नोव्हेंबरात निकाल लागला. सात वर्षं. पोराचे दात पडून नवे आले असतील. त्या निकालात कोर्ट म्हणालं, दोघांनी उत्पन्नाचं आणि मालमत्तेचं प्रतिज्ञापत्र द्या, आणि पोटगी अर्ज केल्याच्या तारखेपासून धरा. म्हणजे तोपर्यंत कोण कुठली तारीख धरत होतं ते तूच समज. माझ्या पोटगीच्या वेळी यातलं काहीच नव्हतं. आमचे साहेब कोर्टात म्हणाले, मी भावाच्या दुकानात बसतो, पगार नाही, खाऊनपिऊन. बाहेर नवी बुलेट उभी होती."

"ती भावाची असेल," दिग्या बोलून गेला.

"हो, ती पण भावाचीच निघाली. माणसाकडे बघून ठरवतात म्हणालास ना? माझ्याकडे बघून ठरवलं. इस्त्रीची साडी नेसून गेले होते, तर वकील म्हणाला, बाईंचं बरं चाललंय. पुढच्या तारखेला चुरगळलेला ड्रेस घालून गेले. मला ते वीस टक्के कुणी दिले असते ना, तर मी त्या टक्केवारीला हळदकुंकू वाहिलं असतं. तिकडे कंपनीच पगारातून कापून पाठवते. फोन नाही, हात पसरणं नाही, 'या महिन्यात जरा अडचण आहे' नाही."

मग म्हणाली, "भेटी असायच्या शनिवारी, कोर्टातल्या मुलांच्या खोलीत. एक घसरगुंडी होती, निळी, प्लास्टिकची. एका कानाचा घोडा. माझा पोरगा घसरगुंडीच्या पायरीवर वही ठेवून पाढे लिहायचा आणि बाप समोर मोबाइलमध्ये. एका तासात सतराचा पाढा झाला त्याचा. अजून सतराचाच पक्का आहे."

पश्या उठला आणि न विचारता पाच चहा सांगून आला. हे कट्ट्याच्या इतिहासात फार क्वचित घडतं.

दिग्यानंही बिचाऱ्यानं आपल्या परीनं विषय बदलला. "आणि समजा नाही भरले पैसे तर?"

"सहा टक्के व्याज."

"साधं का चक्रवाढ?"

"साधं."

"हॅ. अमेरिका अजून मागे आहे."

"ड्रायव्हिंग लायसन्स जातं. अडीच हजार डॉलरच्या वर थकलं की पासपोर्ट अडतो. शिकारीचं आणि मासेमारीचं लायसन्ससुद्धा जाऊ शकतं."

"मासे!" अव्या दचकला. "तो दर रविवारी तळ्यावर गळ टाकून बसतो."

"बसू दे. पहिल्या-तिसऱ्या-पाचव्याला पोरीला घेऊन बसू दे म्हणावं."

मग ज्युरी निघाली. टेक्सासात मूल मुख्यतः कुणाकडे राहणार हे हवं तर ज्युरीकडून ठरवून घेता येतं, हे ऐकून दिग्याचा चहा शर्टावर सांडला. "बारा अनोळखी माणसं? आपल्याकडे नानावटीनं ज्युरीचं नाव घालवलं ते बरंच केलं म्हणायचं!"

"आपल्या सोसायटीच्या मीटिंगला बारा जण जमले तेव्हा काय झालं आठवतंय ना?" मी म्हणालो. पार्किंगच्या मतदानात दिग्यानं माझ्या विरोधात हात वर केला होता, २०१७ मध्ये. मी विसरलेलो नाही. तो म्हणतो हात खाजवायला वर केला होता.

सातला दहा कमी असताना अव्यानं आवाज उतरवून खरी गोष्ट काढली. "ताई म्हणतेय, पोरीला घेऊन सरळ पुण्याला ये. इथली शाळा काय वाईट आहे?"

"सांग तिला, नाव काढू नको," मेधा इतक्या जोरात म्हणाली की चहावाल्यानं मान वर केली. "मूल सहा महिने जिथं राहिलं ते त्याचं घरचं राज्य, खटला तिथंच चालणार. सोळाच्या आतल्या पोरीचा अमेरिकन पासपोर्ट काढायचा तरी दोघांची संमती लागते. पळवून नेलेलं मूल परत पाठवायच्या १९८० च्या हेग करारावर भारतानं सही केलेली नाही म्हणून लोकांना वाटतं, मुंबईला विमान टेकलं की सुटलो. आणि मग इथं हायकोर्टात हेबियस कॉर्पस. म्हणजे तुझ्या ताईनं नातीला डांबून ठेवलंय असा अर्ज! पुरणपोळ्या खायला घालून डांबलंय. व्हर्जिनियाहून एक बाई अशीच लहान पोरीला घेऊन आली होती. २०२० मध्ये सुप्रीम कोर्टानं सांगितलं, पोरीला घेऊन परत जा."

अव्या गप्प. मग म्हणाला, "ताईला तूच सांग. माझं ऐकत नाही."

"दे नंबर. पण ट्रेडमिल कुणाला मिळाली ते आधी सांग."

"तिला."

इथं जे हसू फुटलं त्यात अव्यासुद्धा सामील झाला, आणि त्याच हशात दिग्याला कॅरम आठवला. नव्या वाचकांसाठी: १९९० मध्ये आम्ही पाच जणांनी प्रत्येकी साठ रुपये काढून कॅरम बोर्ड घेतला होता. तो 'परीक्षेपुरता' पश्याकडे गेला. परीक्षा संपल्या, पश्याच्या मुलाच्या संपल्या, बोर्ड आला नाही.

"पश्या, पस्तीस वर्षांची थकबाकी," दिग्या बोटं मोजायला लागला. "सहा टक्के साधं व्याज..."

"व्याज नको, भेटीचे दिवस हवेत," मेधा. "पश्या मुख्य निवास ठरवणार, मान्य. आम्ही सगळे पन्नास मैलांच्या आत राहतो. पहिला, तिसरा, पाचवा शुक्रवार बोर्ड आमच्याकडे. अठ्ठावीस डिसेंबरला दुपारी बाराला अदलाबदल. सोंगट्यांसकट."

"बोर्ड आहे ना जिवंत?" अव्यानं दरडावलं.

पश्यानं ग्लासातला शेवटचा घोट घेतला. "आहे की. तुम्ही सगळे परवापर्यंत रोज येऊन बघत होतात."

"कुठं?"

"मखराखाली. सुनेनं पाय लावून घेतलेत त्याला. वर लाल कापड, त्याच्यावर गणपती. दहा दिवस तुम्ही त्यालाच डोकं टेकवत होतात."

मेधाची कॅब कोपऱ्यावर येऊन हॉर्न देत होती आणि तिला उठता येत नव्हतं, अव्या स्कूटरला धरून वाकला होता. एकटा दिग्या गंभीर. तो आपल्या उजव्या गुडघ्याकडे बघत होता.

"तरीच," तो म्हणाला, "साष्टांग घातला की पँटीला बोरिक पावडर लागायची."