मोबदल्याचा धनादेश नाकारल्याने जमीन परत मिळत नाही

भूसंपादनाच्या मोबदल्याविषयी एक संदेश सध्या गावोगावच्या व्हॉट्सॲप गटांत फिरत असून त्यात चार गोष्टी ठासून सांगितल्या आहेत: धनादेश घेतला की न्यायालयाचा रस्ता कायमचा बंद होतो, पाच वर्षे पैसे उचलले नाहीत तर संपादनच रद्द होऊन जमीन परत मिळते, रेडी रेकनरच्या, म्हणजे मुद्रांक शुल्कासाठी ठरवलेल्या सरकारी दराच्या, वर कोणी एक रुपयाही वाढवून देत नाही, आणि शेजाऱ्याने दावा जिंकला की फरकाची रक्कम आपोआप आपल्याही खात्यात येते. एरवी याकडे दुर्लक्ष केले असते. परंतु कालव्यात जमीन गेलेल्या माझ्या मावसभावाने हा संदेश वाचून निवाड्याची, म्हणजे मोबदला ठरवणाऱ्या जिल्हाधिकाऱ्यांच्या आदेशाची, नोटीस कपाटात ठेवून दिली आणि ‘आता पाच वर्षे गप्प बसायचे’ असे मलाच ऐकवले, म्हणून हे लिहिणे भाग पडले.

पहिल्या मुद्द्यात अर्धे सत्य आहे, हे नाइलाजाने मान्य करतो. 2013 च्या भूसंपादन कायद्याच्या कलम 77 नुसार, निषेध न नोंदवता रक्कम स्वीकारणाऱ्याला कलम 64 खाली वाढीव मोबदल्यासाठी अर्ज करता येत नाही. 1894 च्या जुन्या कायद्यातही हीच अट होती. मात्र त्याच तरतुदीचा सरळ अर्थ असा की निषेध नोंदवून पैसे घेणाऱ्याचा हक्क शाबूत राहतो. ‘हक्क राखून, निषेध नोंदवून रक्कम स्वीकारीत आहे’ एवढे लेखी द्यावे आणि त्याची पोच घ्यावी. वाटाघाटीने थेट खरेदीखत करून दिले असेल तर गोष्ट वेगळी; तेथे निवाडाच नसतो, त्यामुळे त्याविरुद्ध अर्जही नसतो.

दुसरा मुद्दा नुसता चुकीचा नाही, तो माणसाला बुडवणारा आहे. त्याचे मूळ 2013 च्या कायद्याच्या कलम 24(2) मध्ये आहे, आणि ते कलम फक्त जुन्या कायद्याखालच्या, म्हणजे 1 जानेवारी 2014 पूर्वी किमान पाच वर्षे आधी निवाडा झालेल्या प्रकरणांपुरते आहे. ज्याची जमीन नव्या कायद्यानेच गेली, त्याचा त्या कलमाशी काडीचाही संबंध नाही. जुन्या प्रकरणांतही सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायमूर्तींच्या पीठाने 6 मार्च 2020 रोजी इंदूर विकास प्राधिकरणाच्या खटल्यात या समजाला मूठमाती दिली आहे. ताबाही घेतलेला नाही आणि मोबदलाही दिलेला नाही, अशा दोन्ही गोष्टी एकत्र असतील तरच संपादन व्यपगत होते, म्हणजे आपोआप रद्द ठरते. ताबा घेतल्याचा पंचनामा पुरेसा ठरतो. न्यायालयाच्या स्थगितीचा काळ त्या पाच वर्षांत धरला जात नाही. आणि ज्याने मोबदला स्वतःहून नाकारला किंवा वाढीव मोबदल्यासाठी दाद मागितली, त्याला संपादन व्यपगत झाल्याचा दावा करता येत नाही. म्हणजे संदेशात जी युक्ती म्हणून सांगितली आहे, नेमकी तीच गोष्ट निकालाने नावानिशी बाद केली आहे. दरम्यान नाकारलेली रक्कम जिल्हाधिकारी भूसंपादनाचे वाद ऐकणाऱ्या प्राधिकरणाकडे जमा करतात आणि तिच्यावरचे कायदेशीर व्याज तेथेच थांबते. त्याहून वाईट म्हणजे कलम 64 च्या अर्जाची मुदत संपते: निवाड्याच्या वेळी हजर असणाऱ्याला सहा आठवडे, इतरांना नोटीस मिळाल्यापासून सहा आठवडे किंवा निवाड्यापासून सहा महिने, यांपैकी जे आधी संपेल ते. सबळ कारण पटले तर जिल्हाधिकारी आणखी एक वर्षापर्यंतचा उशीर माफ करू शकतात, पण ‘व्हॉट्सॲपवर वाचले होते’ हे सबळ कारण म्हणून कोणासमोर मांडायचे? राष्ट्रीय महामार्गासाठी 1956 च्या कायद्याने जमीन गेली असेल तर हा अर्जसुद्धा चालत नाही. तेथे केंद्राने नेमलेल्या लवादाकडे जावे लागते.

रेडी रेकनरविषयी फार लिहिण्याची गरज नाही. कलम 26 नुसार मुद्रांक कायद्याखालचा दर आणि जवळपासच्या तशाच जमिनींच्या मागील तीन वर्षांच्या खरेदीखतांपैकी वरच्या निम्म्या व्यवहारांची सरासरी यांतील जो आकडा मोठा, तो धरावा लागतो. त्यावर ग्रामीण भागासाठी गुणक (म्हणजे ती किंमत ठराविक पटीने वाढवणारा आकडा), त्यात विहीर, झाडे, बांधकाम यांचे मूल्य आणि या सगळ्यावर शंभर टक्के दिलासा रक्कम. न्यायालयातले बहुतेक भांडण असते ते कोणती खरेदीखते धरली आणि कोणती सोयीस्करपणे वगळली याचेच, त्यामुळे शेजारच्या गटांच्या खरेदीखतांच्या नकला काढणे हे वकील गाठण्याइतकेच महत्त्वाचे आहे.

शेजाऱ्याच्या विजयाचा लाभ मिळू शकतो, हे खरे. ‘आपोआप’ मात्र काहीही होत नाही. जुन्या कायद्याचे कलम 28-अ आणि नव्याचे कलम 73 यांनुसार त्याच अधिसूचनेतल्या, स्वतः दाद न मागितलेल्या खातेदाराने जिल्हाधिकाऱ्यांकडे लेखी अर्ज करावा लागतो आणि त्यासाठी मुदत तीन महिन्यांची असते. निकालाची नकल मिळण्यास लागलेला काळ तेवढा वगळला जातो. बाकी मुदत शेजाऱ्याच्या निकालाच्या तारखेपासून मोजतात, मग ती बातमी आपल्या कानावर कधीही येवो.