मामाचं काय झालं?

मेघालयातल्या खासी समाजात घर धाकट्या मुलीकडे जातं आणि आता काही मुलगेही वाटा मागू लागलेत, असं तुमच्या लेखात म्हटलंय. पटलं. पण मामाला अर्ध्या ओळीत उरकलंत! मालमत्ता मुलीकडे, तरी मोठ्या निर्णयांत शब्द मामाचा. तो नोकरीसाठी शिलाँगला गेला आणि बाप मुलांजवळ राहिला, की खरा बदल तिथेच. केरळात तर १९७५च्या कायद्याने तरवाडच, म्हणजे आईच्या वंशाचं एकत्र कुटुंबच, मोडीत निघालं.

आम्ही गोंयकारांनी फार टेंभा मिरवू नये. पोर्तुगीज काळापासून मुलीला कायद्याने समान वाटा, पण कोमुनिदादीच्या, म्हणजे गावच्या सामाईक जमिनीच्या संस्थेच्या, उत्पन्नातला हिस्सा बहुतेक ठिकाणी गांवकारांच्या (गावच्या मूळ घराण्यांच्या) मुलग्यांनाच. आणि भावासाठी वाटा सोडायला नोटरीकडे येणाऱ्या बहिणी? आजही दिसतात की.