गळत नाही, पण सुकतं का? : नाशिकच्या जिप्सीवाल्या काकांना उत्तर

नमस्कार काका,

तुमची प्रतिक्रिया वाचली, मग गाडीच्या कापडी हूडच्या निगेवरचा माझा लेख उघडून पुन्हा वाचला आणि मगच लिहायला बसलो. इतरांना संदर्भ लागावा म्हणून तुमचं म्हणणं थोडक्यात मांडतो. कापडी हूडसाठी, म्हणजे गाडीच्या घडी होणाऱ्या कापडी छतासाठी, वेगळा साबण, वेगळा ब्रश आणि वरून पाणी झटकणारा फवारा हे सगळं विकणाऱ्यांनी पसरवलेलं खूळ आहे. तुम्ही बारा वर्षं जिप्सीचा हूड कपडे धुण्याच्या पावडरीने आणि फरशीच्या ब्रशने घासताय, वर्षातून दोनदा प्रेशर पंप मारताय, पावसाळ्याच्या तोंडावर रॉकेलचा हात फिरवताय, आणि आजवर एक थेंब आत आलेला नाही. मी मात्र "पाण्याचे मोती झाले नाहीत तर हूड गळू लागेल" असं लिहून लोकांना घाबरवलं. शेवटी तुम्ही विचारलंय, रिठ्याच्या पाण्याने धुतलं तर काय बिघडतं?

मोत्यांबद्दलचं माझं वाक्य चूक होतं. ते आज लेखातून काढलं. पाण्याचे मोती होणं, म्हणजे थेंब न मुरता कापडावर गोल उभे राहणं, आणि हूड गळणं यांचा थेट संबंध नाही, हे मला माहीत असूनही मी घाईत तसं लिहून गेलो. पण त्या चुकीवरून तुम्ही जो निष्कर्ष काढलात, की मग फवाऱ्याची गरजच नाही, तो मला पटत नाही. त्याचं कारण जरा सविस्तर सांगायला हवं.

माझी गाडी २००७ ची माझदा एमएक्स ५, काळ्या कापडी हूडची. इंग्लंडमध्ये रेडिंगला घरासमोर रस्त्यावर उभी असते, गॅरेज नाही. चौदाव्या वर्षी घडीवर हूड फाटला तेव्हा नवा बसवून घेतला आणि जुना घरी घेऊन आलो. मोठ्या कात्रीने त्याचा एक तुकडा कापून कड बघितली. तीन थर स्पष्ट दिसतात. वर विणलेलं अ‍ॅक्रिलिकचं कापड, मधे काळ्या रबराचा पातळ थर, आणि खाली आतून दिसणारं अस्तर. पाणी अडवतं ते मधलं रबर. ही कल्पना जुनीच आहे. १८२३ साली चार्ल्स मॅकिंटॉशने दोन कापडांच्या मधे रबराचा थर देऊन न भिजणारं कापड बनवलं आणि त्याचं पेटंट घेतलं. आपल्याकडे दवाखान्यात पेशंटखाली अंथरतात त्या रबरी कापडाला नर्स अजून 'मॅकिंटॉश' म्हणतात, ते ह्याच माणसाच्या नावावरून.

तान्ह्या बाळाचं अंथरूण आठवा. खाली रबरी कापड, त्यावर दुपटं. बाळाने ओलं केलं तरी गादी कोरडी राहते, कारण रबर आहे. पण म्हणून ओलं दुपटं कोणी तसंच ठेवत नाही. दिवसभर ठेवलं तर कुबट वास येईल, चार दिवस ठेवलं तर कापडावर काळे ठिपके धरतील. हूडचं वरचं कापड म्हणजे ते दुपटं. गाडी आत कोरडी आहे ह्याचा अर्थ रबर शाबूत आहे, एवढाच. वरचं कापड किती वेळ ओलं राहतं, हे त्यावरून कळत नाही.

आणि ओलं राहण्यानेच घात होतो. इथे नोव्हेंबरपासून फेब्रुवारीपर्यंत भिजलेला हूड खऱ्या अर्थाने सुकतच नाही. आधी शिवणींच्या कडेला हिरवट रेघ येते. शेवाळ धरलं की ते ओल धरून ठेवतं, धूळ धरून ठेवतं, आणि आणखी शेवाळ वाढतं. उन्हाळ्यात वेगळा त्रास. आमच्या रस्त्यावर लिंडनची झाडं आहेत, त्यांच्यावर मावा (पानांचा रस शोषणारे बारीक किडे) पडतो आणि खाली उभ्या गाड्यांवर चिकटा गळतो. ज्वारीवर मावा पडला की पानं कशी चिकट होतात आणि पुढे त्यावर काळी बुरशी चढते, ते तुम्ही पाहिलं असेल. काळ्या कापडावर हे लवकर दिसत नाही, हात लावल्यावरच कळतं. फवारा मारलेला असेल तर पाणी कापडात न मुरता ओघळून जातं, हूड तासाभरात सुकतो, आणि शेवाळाला लागणारी ओल मिळत नाही. फवाऱ्याचं काम एवढंच, आणि माझ्या मते तेवढ्यासाठी तो मारावा.

शिवणींचं आणखी एक. शिवताना सुई रबराच्या थरातूनही आरपार जाते, म्हणजे प्रत्येक टाक्याला एक भोक. नव्या हूडला तिथे आतून पट्टी लावून बंदोबस्त केलेला असतो. पण दोरा वर्षानुवर्षं ओला राहिला, घासला गेला, ढिला पडला की पाणी पहिल्यांदा तिथूनच शिरतं. हूड गळायला लागतो तो बहुधा कापडाच्या मधल्या भागातून नव्हे, शिवणीवर.

आता तुमची बारा वर्षं. ती खोटी आहेत असं मी म्हणत नाही, फक्त ती वेगळ्या वस्तूची आहेत. तुम्हीच लिहिलंय की हूडवाल्याकडून रेक्झिनचा हूड शिवून घेतला. रेक्झिनला वर प्लास्टिकचं अखंड लेपन असतं. रिक्षाच्या हूडसारखंच, पाणी वरच्या वर अडतं, कापडात शिरायला जागाच नाही. त्यामुळे पावडरीचा अंश विणीत अडकून राहण्याचा प्रश्न तुम्हाला आला नाही. लेखात मी रेक्झिन आणि विणलेलं कापड हा फरक नीट सांगितला नव्हता, ही दुसरी चूक माझीच. जुन्या माझदांनाही बहुतेक वेळा रेक्झिनसारखाच हूड यायचा, तेव्हा माझ्याच गाडीच्या बऱ्याच थोरल्या भावंडांना माझा लेख लागू पडत नाही.

पण काका, रॉकेल थांबवा. रेक्झिन मऊ राहावं म्हणून त्यात तेलकट द्रव्य मिसळलेलं असतं. रॉकेल ते ओढून घेतं. हात फिरवल्या दिवशी चकाकी येते खरी, पण दर वेळी रेक्झिन थोडं थोडं कडक होत जातं आणि मग घडीवर तडे जातात. साध्या साबणाच्या पाण्याचं फडकं आणि नंतर भरपूर पाणी, त्याला एवढंच पुरतं. मागच्या प्लास्टिकच्या खिडक्यांवर कोरडं फडकं कधीच फिरवू नका. धूळ आधी पाण्याने वाहून जाऊ द्या, मग जुन्या धोतराचा मऊ तुकडा. खिडकी काढून ठेवायची असेल तर दुमडू नका, मधे कापड घालून सैल गुंडाळा. एकदा पडलेली घडी त्या प्लास्टिकमधून जात नाही.

पावडरीचं माझ्या बाजूचं कारण असं. तिचे कण गार पाण्यात पूर्ण विरघळत नाहीत आणि विणीत बसतात. साबणाचा स्वभावच पाण्याला कापडाच्या धाग्यात घेऊन जाण्याचा. त्याने आधीचा फवारा तर निघून जातोच, शिवाय जो अंश मागे राहतो तो पुढच्या पावसाचं पाणी आत ओढतो. मी पहिल्या वर्षी हेच केलं होतं. हूड स्वच्छ दिसला म्हणून खूश होतो, आणि आठवड्याने रिमझिम पावसातही तो स्पंजासारखा काळा, जड होऊ लागला. मग तीन वेळा नुसत्या पाण्याने खळबळून धुतला तेव्हा कुठे फेस यायचा थांबला.

प्रेशर पंपाबद्दल मी ठाम आहे. गाडी धुणाऱ्या एका ठिकाणी माझ्यासमोर एका माणसाने मागच्या काचेच्या कडेवर अगदी जवळून पंप धरला. ही काच कापडाला चिकटवलेली असते. मी ओरडेपर्यंत एका कोपऱ्याची कड सुटली होती. पुढच्या हिवाळ्यात ती बोटभर उघडली. रेक्झिनवरही शिवणीवर जवळून पंप मारू नका, ही विनंती.

माझ्या लेखात जे सगळ्यात आधी यायला हवं होतं आणि शेवटच्या दोन ओळींत आलं, ते म्हणजे पाण्याच्या वाटा. हूडवरून ओघळलेलं पाणी मागच्या बाजूला एका पन्हाळीत जमतं आणि सीटमागच्या दोन भोकांतून, नळ्यांतून, मागच्या चाकांच्या पुढे गाडीखाली पडतं. ती भोकं पानांनी, मातीने तुंबली की पाणी उलटं फिरून गालिच्याखाली येतं. एका हिवाळ्यात माझ्या डाव्या बाजूचा गालिचा ओला व्हायला लागला. एका वर्कशॉपने हूड बदलावा लागेल म्हणून सांगितलं. मी घाबरून फवाऱ्याचे आणखी दोन हात दिले, काही फरक नाही. शेवटी एका मित्राने मगभर पाणी त्या भोकात ओतायला लावलं. पाणी तिथेच तुंबून राहिलं. आत कुजलेल्या पानांचा आणि मातीचा गोळा होता, अंगठ्याएवढा. गवत कापायच्या यंत्राची नायलॉनची दोरी हळूहळू आत सारून तो काढला. लोखंडी तार घालायची नाही, नळी आतून निसटते. तो हूड पुढे तीन वर्षं चालला. ह्या कामाला एक पैसा लागत नाही, आणि हूड असलेल्या प्रत्येकाने पानगळीनंतर पहिलं काम हेच करावं.

खर्चाचं तुमचं बोलणं मला लागलं, कारण त्यात तथ्य आहे. तीन बाटल्यांचा संच घ्यायची गरज नाही. मी आता काय करतो ते लिहितो. हूड बंद करून सावलीत गाडी उभी करायची. आधी कोरडा ब्रश किंवा व्हॅक्यूम, कारण ओली झालेली धूळ म्हणजे चिखल, आणि तो मग विणीत जातो. नळाने भरपूर पाणी. मऊ केसांचा ब्रश, गाडीचाच सौम्य शाम्पू थोडासा, आणि विणीच्या दिशेने हलका हात. फेस तपकिरी येतो, तो पांढरा येईपर्यंत एकेक भाग. मग पाणी, पुन्हा पाणी. पूर्ण एक दिवस सुकू द्यायचं, ओला हूड घडी घालून आत कोंडायचा नाही. वर्षातून हे दोनदाच, एरवी नुसतं पाणी. विकत घ्यावी अशी एकच गोष्ट, फवारा. तोही कपभर पाणी ओतल्यावर कापड गडद होऊन ते शोषून घेऊ लागलं तरच. काच आणि रंग झाकून दोन पातळ हात द्यायचे, नाहीतर काचेवर धूसर थर बसतो.

फवाऱ्याबद्दल तुम्ही मांडला नाही, पण मला स्वतःला टोचणारा एक मुद्दा आहे. जुन्या फवाऱ्यांतली फ्लोरिनयुक्त रसायनं निसर्गात वर्षानुवर्षं टिकतात. त्यांतल्या पीएफओए नावाच्या रसायनावर २०१९ साली स्टॉकहोम कराराखाली, म्हणजे अशा टिकून राहणाऱ्या घातक रसायनांवरच्या आंतरराष्ट्रीय कराराखाली, बंदीचा निर्णय झाला. धुतलेलं पाणी आमच्या रस्त्याच्या गटारातून शेवटी नदीलाच मिळतं. म्हणून दोन वर्षं मी फ्लोरिन नसलेला फवारा वापरतोय. तेलकट डागांना तो तितकासा दाद देत नाही, आणि दर पावसाळी मोसमाआधी पुन्हा द्यावा लागतो. ही तडजोड मी स्वीकारलीय.

राहिला रिठा. आईच्या पैठण्या रिठ्यानेच धुतल्या जायच्या, तेव्हा तो सौम्य आहे ह्यावर माझा वाद नाही. मला शंका आहे ती दोन गोष्टींची. त्याच्या पाण्याचा तपकिरी रंग फिकट हूडवर बसेल का, आणि तोही शेवटी फेसाळच, विणीतून पूर्ण निघेल का. जुन्या हूडचा उरलेला तुकडा शेडमध्ये आहे. काल भारतीय दुकानातून रिठे आणले, रात्रभर भिजवले, आणि आज सकाळी तुकड्याचा डावा अर्धा भाग त्या पाण्याने घासून धुतला, उजवा शाम्पूने. दोन्ही दोरीवर आहेत. सुकले की दोघांवर कपभर पाणी ओतून बघतो, आणि काय झालं ते इथेच खाली लिहितो.