‘तेव्हा सगळं चालायचं’ हे खरं नाही

अमेरिकन अभिनेता डग्लस फेअरबँक्सच्या ‘द मिस्टरी ऑफ द लीपिंग फिश’ या दोन रिळांच्या मूकपटातली दृश्यं पुन्हा फिरताहेत. चौकटीचा सूट, छातीवर सिरिंजांचा पट्टा, हाताशी कोकेनचा भलामोठा डबा, असा हा विक्षिप्त गुप्तहेर कोक एनीडे. सोबतचा दावा असा: १९१६ साली अमेरिकेत कोकेन खुलेआम मिळायचं, सेन्सॉर नव्हता, कुणाला त्यात वावगं वाटत नव्हतं आणि चित्रपट म्हणजे नशेची जाहिरातच.

आधी कायदा. हॅरिसन कायदा डिसेंबर १९१४ मध्ये मंजूर झाला, १ मार्च १९१५पासून लागू झाला. अफू-कोकेनच्या व्यापाऱ्यांना नोंदणी आणि कर, गिऱ्हाइकाला डॉक्टरची चिठ्ठी. चित्रपट आला जून १९१६ मध्ये. ओढायच्या अफूची आयात तर १९०९ मध्येच बंद झाली होती. खरं तर कथानकच पुरेसं आहे. किनाऱ्यावर पोहणाऱ्यांना हवा भरलेले मासे भाड्याने मिळतात आणि त्यांच्या आडून अफू चोरून आणली जाते. माल खुला असता तर चोरून आणायचा कशाला?

सेन्सॉरही होता. पेनसिल्व्हेनिया, ओहायो, कॅन्सस इथे राज्यांची मंडळं होती आणि १९१५ मध्येच अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने चित्रपटांना अभिव्यक्तिस्वातंत्र्याचं संरक्षण नाकारलं. हेज कोड, म्हणजे हॉलीवूडची स्वतःची सेन्सॉर नियमावली, नंतरची, एवढंच.

‘वावगं वाटत नव्हतं’ हे मला सर्वांत खटकतं, कारण त्यात विनोदच हरवतो. १८९०च्या ‘द साइन ऑफ फोर’ या कादंबरीची सुरुवातच शेरलॉक होम्स सात टक्के कोकेनचं इंजेक्शन घेतो तिथून होते, आणि वॉटसन त्याला तिथेच सुनावतो. म्हणजे अस्वस्थता तेव्हापासूनची. चित्रपटासाठी टॉड ब्राउनिंगने लिहिलेल्या कथेने होम्सची तीच खोड उचलून बेफाम फुगवली. एनीडेच्या घड्याळावर आकडे नाहीत. खाणं, पिणं, झोप आणि नशा एवढंच. गुन्हेगारांनाही तो सिरिंज टोचून गारद करतो. हे चुकीचं आहे हे प्रेक्षकाला ठाऊक होतं, म्हणूनच हसू येतं.

जाहिरातीचा आरोप शेवटचा प्रसंग न पाहता केलेला आहे. तिथे फेअरबँक्स ही कथा स्टुडिओतल्या संपादकाला ऐकवतो आणि संपादक ती नाकारून त्याला अभिनयच करत राहायला सांगतो.

आक्षेप घ्यायचाच तर चिनी पात्रांच्या चित्रणावर घ्या. त्यांना थेट अफूशी जोडलं आहे, आणि त्या पूर्वग्रहाची खिल्ली चित्रपट कुठेच उडवत नाही.