दोन नंबरचा रिमोट

एम्युलेटर, म्हणजे कॉम्प्युटरवर जुन्या गेमच्या यंत्राचं सोंग घेणारं सॉफ्टवेअर, फुकट मिळतो. त्याच्याबद्दलची सोपी गोष्ट इथेच संपते.

भाऊबीजेला दादा सांगलीहून येणार होता. "काय करू रे तुझ्यासाठी?" असं मी फोनवर विचारलं ते जेवणाबद्दल. तो म्हणाला, "काँट्रा लाव." काँट्रा म्हणजे दोन शिपायांचा, गोळीबाराचा जुना व्हिडिओ गेम. पन्नाशीला टेकलेला, बँकेत मॅनेजर असलेला माणूस. बासुंदी परवडली असती.

आमच्या लहानपणी काँट्रा लावायचा म्हणजे कॅसेट खोचायची, बटण सरकवायचं आणि टीव्हीवरच्या मुंग्यांतून चित्र वर येईपर्यंत ट्यूनिंगची चकती फिरवायची. मूळ यंत्र निन्टेंडोचं फॅमिकॉम, जपानात 1983 साली आलेलं. आमच्या घरात पोचली ती त्याची नक्कल, बहुधा नकलेचीही नक्कल. कॅसेटवर छापलेलं असायचं ‘9999 इन 1’. आत खरे खेळ बोटांवर मोजण्याइतके, बाकी तेच खेळ नाव बदलून तिसऱ्या नाहीतर पाचव्या लेव्हलपासून सुरू होणारे. तरी आम्ही यादीची सगळी पानं उलटायचो. न जाणो, 7412 नंबरला काहीतरी वेगळं निघालं तर?

अशा कॅसेटींवर पोसलेल्या दादाला आता प्रश्न पडला, "हे एम्युलेटर वगैरे कायदेशीर असतं ना गं?" मी शोधाशोध केली. प्लेस्टेशनचे खेळ मॅक कॉम्प्युटरवर चालवणारं सॉफ्टवेअर काढलं म्हणून सोनीने अमेरिकेत कनेक्टिक्स नावाच्या कंपनीला 1999 साली कोर्टात खेचलं होतं. 2000 साली अपील कोर्टाने कौल दिला तो कनेक्टिक्सच्या बाजूने. म्हणजे दुसऱ्या यंत्राचं सोंग घेणं हा काही गुन्हा नाही. खेळांची गोष्ट वेगळी, त्यांचे हक्क अजून कुणाचे ना कुणाचे आहेत. "मग आपल्याच कॅसेटमधून काढू," दादा म्हणाला. नकली कॅसेटमधून काढलेली प्रत कायद्याच्या कुठल्या खान्यात बसते हे मी त्याला सांगितलं नाही, आणि त्यानेही फार ताणलं नाही.

कॅसेटी आईच्या माळ्यावर निघाल्या. त्या वाचणारं यंत्र ऑफिसातल्या एका हौशी मुलाकडे निघालं. ‘9999 इन 1’ वाचली गेली, पण एम्युलेटरने तिला ओळखच दाखवली नाही. कारण मॅपर. फॅमिकॉमच्या प्रोसेसरला एका वेळी प्रोग्रॅमचे फक्त 32 किलोबाइट दिसतात. खेळ त्याहून मोठा असला तर कॅसेटमधली एक चिप मागून पानं बदलत राहते, तिची पद्धत म्हणजे मॅपर. कोणता मॅपर आहे हे फाइलच्या सुरुवातीच्या 16 बाइट्समध्ये लिहावं लागतं. नक्कल करणाऱ्या अज्ञात कारागिराने स्वतःच्या डोक्याने चिप बसवली होती आणि तो काही लिहून ठेवणाऱ्यांतला नव्हता. सुदैवाने काँट्राची एक सुटी कॅसेटही होती. तिने फार आढेवेढे घेतले नाहीत. सोबत मारिओही निघाला. आठ दुनिया, कासवं, राजकन्या, सगळं मिळून जेमतेम 40 किलोबाइट. आमच्या आत्याचा रोजचा ‘सुप्रभात’चा गुलाब याच्या कितीतरी पट भरतो.

मग रेट्रोआर्च. हे सॉफ्टवेअर स्वतः कुठलाच खेळ चालवत नाही, ते फक्त मेन्यू चालवतं. खेळ चालवायला ‘कोअर’, म्हणजे खरा एम्युलेटर, वेगळा घ्यावा लागतो. एकट्या फॅमिकॉमसाठी एफसीईयूएमएम, नेस्टोपिया, मेसेन, क्विकनेस. कुठला घ्यावा असं ऑफिसातल्या त्या मुलाला विचारलं, तर त्याने मला अचूकतेवर व्याख्यान दिलं. अचूकता म्हणजे जुन्या यंत्राची प्रत्येक टिकटिक जशीच्या तशी करून दाखवणं. फॅमिकॉमचा प्रोसेसर दोन मेगाहर्ट्झलाही पोचत नव्हता. त्याच्या पुढचं यंत्र सुपर निन्टेंडो, ते साडेतीनच्या आसपास. त्या सुपर निन्टेंडोचं तंतोतंत सोंग वठवणाऱ्या बीएसएनईएस या एम्युलेटरला मात्र तीन गिगाहर्ट्झच्या घरातला प्रोसेसर लागायचा. एका साध्या जिवाची खोडी न् खोडी उचलायला हजारपट अक्कल लागते, हे मला पटलं. सासरी मीही काही वर्षं तेच केलं होतं.

खेळ सुरू झाला. उडी कशाने मारायची? कीबोर्डवर जन्मजात उडीची कळ म्हणजे स्पेसबार. रेट्रोआर्चमध्ये स्पेसबार म्हणजे फास्ट फॉरवर्ड. माझा शिपाई उडी न मारता विजेच्या वेगाने गेला आणि शत्रूला भेटून मेला. एच दाबलं तर गेम पहिल्यापासून. शेवटी यूएसबीचे दोन गेमपॅड मागवले, म्हणजे आमच्या भाषेत रिमोट.

एवढ्यात दादाचा फोन. "जमलं तर टेकन 3 पण बघ." टेकन 3 प्लेस्टेशनवरचा, 1998 सालचा. त्याला बायोस लागतो. बायोस म्हणजे यंत्राच्या पोटातली 512 किलोबाइटची फाइल, आणि ती आपल्याच प्लेस्टेशनमधून काढावी असा शिष्टाचार आहे. दादाचा प्लेस्टेशन वहिनीने घर बदलताना भंगारवाल्याला दिला, त्यावर किलोने पैसे मिळाले आणि त्या विषयावर त्यांच्या घरात बोलत नाहीत. बदली बायोस घेऊन येणारा एक कोअर मिळाला. मग बिन आणि क्यू. बिन फाइलमध्ये खेळ, क्यू फाइलमध्ये त्या बिनचं नाव आणि पत्ता. मी बिनचं नाव हौसेने ‘दादाचा टेकन’ केलं. क्यू जुन्या पत्त्यावर जाऊन दार वाजवत बसली. टेकन मी तिथेच सोडला.

इथून पुढचं काम हौसेचं होतं आणि घरच्यांच्या मते वेडाचं. आमचा टीव्ही नवा, 43 इंची. त्यावर काँट्रा इतका स्वच्छ दिसत होता की शिपायाच्या नाकाचे चौकोन मोजावेत. आमचा काँट्रा असा नव्हता. मग शेडर लावला, म्हणजे नव्या पडद्याला जुन्या टीव्हीचं रूप देणारा थर. आडव्या रेघा आल्या, कोपरे गोल झाले, रंग जरा पाझरले, लॅपटॉपचा पंखा घुरघुरू लागला. लेक शेजारी उभी होती. "आई, चांगला टीव्ही बिघडवतेस कशाला?"

पुढे एक पर्याय दिसला, स्प्राइटची, म्हणजे शिपाई, गोळ्या अशा हलत्या छोट्या चित्रांची, मर्यादा काढून टाकायची का? फॅमिकॉमला एका आडव्या ओळीत आठच स्प्राइट दाखवता येतात. नववा आला की खेळ त्यांना आळीपाळीने दाखवतो, म्हणून गर्दी झाली की गोळ्या लुकलुकायच्या. तेव्हा आम्ही याच लुकलुकण्याला शिव्या घालत मरायचो. आता एका टिचकीत दोष जाणार होता. मी हात लावला नाही. लेकीसाठी एक सोय मात्र केली, आर दाबून ठेवलं की खेळ मागे जातो. दादाला ते सांगायचं नाही असं ठरलं.

भाऊबीज. ओवाळून झालं, पाकीट मिळालं, बासुंदीही झाली. दादा टीव्हीसमोर मांडी घालून बसला आणि पहिल्याच जंगलात, तो पूल फुटतो तिथे, मेला. परत मेला. वहिनी सोफ्यावरून म्हणाली, "अहो, वय झालंय तुमचं." दादा मागे न बघता म्हणाला, "वयाचं नाही. हा आपला काँट्रा नाही. हा पळतोय. गाणंसुद्धा पळतंय."

आम्ही सगळे हसलो आणि तो बरोबर निघाला.

जपानी आणि अमेरिकन टीव्ही सेकंदाला 60 चित्रं दाखवायचे, आपले पाल पद्धतीचे टीव्ही 50. हे खेळ एकेका चित्रागणिक पाऊल टाकतात. त्यामुळे आपल्या टीव्हीसाठी बनवलेल्या नकली यंत्रांवर काँट्रा मुळातल्यापेक्षा सहाव्या हिश्शाने संथ चालायचा. गाण्याचे सूर तेच, फक्त लय विलंबित. एम्युलेटर बिचारा जपानी काँट्रा प्रामाणिकपणे 60च्या चालीत वाजवत होता. आमचं अख्खं बालपण हळू चाललं होतं आणि ते आम्हाला कुणी कळवलं नव्हतं.

कोअरच्या पर्यायांत ‘रीजन’ सापडलं. त्यात एनटीएससी, म्हणजे ती जपानी-अमेरिकन पद्धत, पाल, आणि तिसरं नाव डेंडी. डेंडी म्हणजे रशियात 1992 साली विकायला आलेली फॅमिकॉमची नक्कल, खोक्यावर टोपी घातलेला हत्ती. तिची चालही अशीच होती, म्हणून अशा सगळ्या नकली यंत्रांच्या चालीला एम्युलेटरमध्ये तिचंच नाव पडलं. सांगलीचा काँट्रा मला रशियन हत्तीच्या नावाखाली मिळाला. डेंडी निवडलं, गेम पुन्हा लावला. गाणं वाजलं तसा दादा ताठ बसला. "हां! हाच!"

मग तो मरेना.

तिसरी लेव्हल धबधब्याची. तिथे वर वर चढायचं असतं, आणि दोघांतला जो पुढे जाईल त्याच्याबरोबर पडदा वर सरकतो. मागचा पडद्याखाली राहिला की मेला. आमच्या घरी मागचा कोण असायचा हे वेगळं सांगायला नको. एक नंबरचा रिमोट दादाचा, कारण तो मोठा. दोन नंबरच्या रिमोटला स्टार्टचं बटणच नव्हतं. मूळ जपानी यंत्रातच नव्हतं, तो अन्याय थेट निन्टेंडोच्या क्योटोहून आलेला. त्यामुळे "थांब ना रे!" एवढंच माझ्या हातात असायचं.

एम्युलेटरमध्ये एक नंबर कुणाचा हे जन्मावरून ठरत नाही. माझा रिमोट आधी जोडला होता.

धबधब्याला मी पुढे झाले. भराभर चढले.

"अगं थांब! मी खाली राहिलोय! पॉज कर!"

"तूच कर की."

त्याने स्टार्ट दाबलं. परत दाबलं. रिमोट उलटा करून बघितला. "हे बटण चालत नाहीये."

"दोन नंबरला चालत नाही," मी म्हटलं. सेटिंगमध्ये जाऊन ते बंद करायला मला सगळ्यात कमी वेळ लागला होता.

दादाचा शेवटचा शिपाई गेला. तेवढ्यात लेकीने विचारलं, "मामा, आर दाबून मागे नेऊ का?"

मी कीबोर्ड उचलला आणि मांडीखाली घालून बसले.