‘घोटी’ म्हणजे फिश? त्या इंग्रजी शब्दांच्या मेसेजबद्दल

‘इंग्रजीतल्या दुर्मिळ शब्दांची रहस्ये’ म्हणून एक मेसेज सध्या बेळगावात पालकांच्या ग्रुपवर फिरतोय, निपाणी-खानापूरकडनंही तोच परत येतोय. पोरं ते वहीत उतरून घ्यायला लागलीत म्हणून लिहितोय, कारण त्यातलं बरंचसं खोटं आहे.

सगळ्यात घातक ते घोटीचं. जी-एच ‘इनफ’मधला फ, ओ ‘विमेन’मधला इ, टी-आय ‘नेशन’मधला श, म्हणून जी-एच-ओ-टी-आय म्हणजे फिश, इंग्रजीला नियमच नाही, आणि हे म्हणे नाटककार बर्नार्ड शॉनं दाखवलं. अहो, हा खेळ 1855 च्या एका पत्रात सापडतो आणि शॉचा जन्मच 1856 चा. आणि नियम आहे की! शब्दाच्या सुरुवातीला जी-एच आलं तर फ कधीच होत नाही, घोस्ट बघा, गेटो बघा. टी-आयचा श व्हायला पुढं स्वर लागतो, शेवटी आलं तर होत नाही. मराठी काय नि कन्नड काय, आपण बहुतेक लिहिलंय तसंच वाचतो, त्यामुळं पोरांना स्पेलिंगची आधीच धास्ती असते, त्यात नियमच नाही म्हणून सांगितलं की ती समजून घ्यायचं सोडून नुसती पाठ करत बसतात. याचा मला खरंच राग येतो.

दुसरं, ते 45 अक्षरांचं. न्यूमोनो-अल्ट्रा-मायक्रोस्कोपिक-सिलिको-व्होल्कॅनो-कोनिओसिस. मेसेज म्हणतो छातीच्या एका आजाराला डॉक्टर लोक हाच शब्द वापरतात. शब्द डिक्शनरीत आहे हे खरं, पण तो 1935 मध्ये अमेरिकेतल्या शब्दकोडीवाल्यांच्या संघटनेच्या अध्यक्षानं, एव्हरेट स्मिथनं, सर्वात लांब शब्द करायचा म्हणून मुद्दाम जुळवला. डॉक्टर म्हणतात सिलिकॉसिस. बारीक सिलिकाची धूळ वर्षानुवर्षं छातीत जाऊन होणारा आजार, दगडाच्या खाणीत होतो, फाउंड्रीतल्या, म्हणजे धातू ओतायच्या कारखान्यातल्या, वाळूनं होतो. उद्यमबागेतल्या कारखान्यांत ज्यांच्या घरचं कोण कामाला आहे त्यांच्या पोरांना हा छोटा शब्दच आधी शिकवा, तोंडाला मास्क का लावायचा तेही सांगा.

न्यूज म्हणजे चार दिशांची पहिली अक्षरं, हेही खोटं. ‘न्यू’चं अनेकवचन आहे ते, बस्स.

‘कर्नल’च्या स्पेलिंगमध्ये र नाही, तिथं ल आहे, तरी बोलताना र येतो; तो इंग्रजांच्या चुकीनं आला म्हणतात. मराठा लाइट इन्फंट्रीच्या गावात तरी हे नीट माहीत पाहिजे. मूळ इटालियन शब्दात ल होता, फ्रेंचमधनं येताना त्याचा र झाला, इंग्रजीनं दोन्ही रूपं घेतली, पुढं स्पेलिंग ल-वालं टिकलं नि जिभेवर र राहिला.

आणि शेवटचं, ‘गूस’चं अनेकवचन ‘गीस’ तसं ‘माँगूस’चं ‘माँगीस’. नाही, रूढ रूप माँगूसेस. त्या बदकासारख्या पक्ष्याशी याचा काही संबंध नाही, डिक्शनरी उघडून बघा, तिथं मूळ मराठी म्हणून दिलंय: आपलं मुंगूस. शेजारचे कन्नडवाले त्यालाच मुंगुसि म्हणतात, आणि मराठीत तो शब्द द्राविडी भाषांकडनंच आला असंही सांगतात.