पडलेल्या विनोदाची उत्तरक्रिया

विनोद पडला हे सांगणाऱ्याला सगळ्यांच्या आधी कळतं. इतका वेळ कुणाच्या लक्षातही न आलेली मांडवातल्या पंख्याची घरघर एकदम ऐकू यायला लागते. शांतता असते जेमतेम दोन सेकंदांची. पण गप्पांमध्ये एकाचं संपून दुसऱ्याचं सुरू व्हायला सरासरी सेकंदाचा पाचवा भाग लागतो, असं दहा भाषांच्या अभ्यासातून २००९ साली दिसलं. म्हणजे नेहमीच्या दहापट थांबणं झालं. घाम फुटणारच.

या दोन सेकंदांत हौशी सूत्रसंचालक आधी स्वतःच हसतो. मग माईकवर टिचकी मारून ‘मागे ऐकू येतंय ना?’ विचारतो. मागे ऐकू गेलेलं असतं, तोच तर घोळ आहे. त्यानंतर येतो तो प्रकार मी तरी दखलपात्र गुन्हा धरेन: ‘म्हणजे बघा, कर म्हणजे हात आणि कर म्हणजे टॅक्स...’ यावर लोक हसतातही, पण ते सुटकेसाठी.

करायचं ते एवढंच. तोंड मिटा, एक श्वास घ्या आणि एकच वाक्य टाका, तेही स्वतःवर. ‘हा घरीही चालला नव्हता.’ किंवा ‘बरं, हा पुढच्या गणपतीला.’ लगेच पुढची घोषणा. ‘आज सगळे जेवून आलेले दिसताय’ असं श्रोत्यांवर ढकललंत, तर पुढच्या चांगल्या विनोदालाही ते मुद्दाम हसणार नाहीत. अमेरिकेत जॉनी कार्सनने १९६२ ते १९९२ रात्रीचा टीव्ही कार्यक्रम चालवला. पडलेल्या विनोदावरच्या टिप्पणीतून हशा वसूल करण्यात त्याचा हातखंडा होता. आपण मात्र एका कार्यक्रमात हे दोनदाच करावं. तिसऱ्यांदा लोकांना कीव यायला लागते.

बरेच विनोद मुळात वाक्यरचनेत मरतात. ‘आमच्या सोसायटीला टँकरचं चोवीस तास पाणी मिळत असतं’ यावर कुणी हसणार नाही. ‘आमच्या सोसायटीला चोवीस तास पाणी आहे. टँकरचं.’ इथे निदान आशा आहे. ज्यावर हसायचं तो शब्द शेवटी, आणि मग गप्प. ‘असतं’, ‘म्हणजे काय’, ‘ना’ अशी शेपटं लावली, की हसायला तोंड उघडलेला माणूस तुमचं बोलणं संपायची वाट बघतो. एकदा गिळलेलं हसू परत वर येत नाही.

घरचे लोक परक्यांपेक्षा निर्दय. नॅन्सी बेल या अमेरिकी भाषाभ्यासक बाईंनी मुद्दाम एक पांचट विनोद लोकांत सोडून पाहिला: मोठं धुराडं छोट्या धुराड्याला काय म्हणालं? काही नाही, धुराडी बोलत नाहीत. जास्त तोंडसुख घेतलं ते जवळच्यांनीच. जेवणाच्या टेबलावर एक पीजे मारून हे कुणालाही पडताळता येईल. घरी बचावाचं वाक्य वापरायला जाऊ नये. आमटी मागावी.

मात्र विनोद पडला आहे की लागला आहे, हे आधी पाहा. पडला असेल तर सगळे तुमच्याकडे बघतात. लागला असेल तर सगळे तिसऱ्याच कुणाकडे बघतात, आणि ती व्यक्ती ताटाकडे. तिथे वरचं काही चालत नाही, ‘अहो, गंमत केली’ तर मुळीच नाही. ‘चुकलं माझं, काका.’ तिथल्या तिथे, सगळ्यांना ऐकू जाईल असं. त्यावर पुन्हा मल्लिनाथी नको.

व्हॉट्सअ‍ॅपच्या कुटुंब-ग्रुपवर पंख्याची घरघर नसते, नुसत्या निळ्या टिका असतात. तिथे मेसेज सगळ्यांसाठी पुसायचा मोह आवरावा. पुसल्याची पाटी तिथेच राहते, अर्ध्या मिनिटात आत्या विचारतात, ‘काय होतं रे?’, आणि तो पुन्हा टाइप करावा लागतो.